आल्बेर कारे आणि पॅरिसचं ओपेरा-कोमिक : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

पाश्चात्त्य ऑपेरावर मराठीत लिहू लागल्यापासून एका माणसाबद्दलचे प्रश्न सतत येतात. कुणी देब्युसी ऐकताना त्याच्या नावावर अडतं, तर कुणी पुच्चिनी वाचताना. आल्बेर कारे हे ते नाव. साधे प्रश्न आधी घेतले आहेत, फाटे फुटणारे नंतर. एकाचं उत्तर दुसऱ्यात असेल तिथे प्रश्नाचा क्रमांक दिला आहे.

१. आल्बेर कारे कोण होते, हे थोडक्यात सांगाल का?

फ्रेंच नट, लेखक, नाट्यदिग्दर्शक आणि नाट्यगृहाचे चालक. जन्म २२ जून १८५२, स्ट्रासबुर्ग. मृत्यू डिसेंबर १९३८, पॅरिस. १८९८ ते १९१३ ही वर्षं त्यांनी पॅरिसचं ओपेरा-कोमिक चालवलं, आणि पहिल्या महायुद्धानंतर १९१८ ते १९२५ या काळात भागीदारीत पुन्हा चालवलं. शार्पांतिएचं ‘लुईझ’, देब्युसीचं ‘पेलेआस ए मेलिझांद’, द्युकाचं ‘आरियान ए बार्ब-ब्ल्य’ आणि राव्हेलचं ‘लर एस्पान्योल’ हे ऑपेरे पहिल्यांदा त्यांच्याच अमदानीत रंगमंचावर आले. विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकात फ्रेंच ऑपेरात जे नवं घडलं, त्यातलं बरंचसं या एका नाट्यगृहात घडलं.

२. ओपेरा-कोमिक म्हणजे विनोदी ऑपेरा का?

नाही. ‘कार्मेन’ तिथलाच आहे आणि त्यात शेवटी नायिकेला भोसकून मारतात. गाण्यांच्या मधे बोललेले संवाद असलेला ऑपेरा, अशी त्या प्रकाराची जुनी ओळख. आपल्याकडे संगीत नाटकात पद आणि गद्य एकमेकांच्या हातात हात घालून चालतात, त्याच्या जवळचं काहीतरी. कारेंच्या काळापर्यंत हा नियम सैल झाला होता. ‘पेलेआस’मध्ये सुटा संवाद एकही नाही, तरी तो इथेच झाला.

३. म्हणजे हे पॅरिसचं प्रसिद्ध ऑपेरागृहच ना, सोनेरी जिन्याचं?

ते पाले गार्निए, म्हणजे ‘ऑपेरा’. ओपेरा-कोमिक ही वेगळी संस्था आहे. तिच्या इमारतीला साल फावार म्हणतात आणि ती पायी काही मिनिटांच्या अंतरावर आहे. सरकारी मानमरातबात ऑपेरा वर, कोमिक खाली. वार्षिक अनुदानातही तोच हिशोब होता : ऑपेराला ८ लाख फ्रँक, कोमिकला ३ लाख. गंमत अशी, की इतिहासात टिकलेल्या कृती मोजायला बसलं तर त्या काळात कोमिकचं पारडं जड भरतं. मोठ्या घरात खर्चिक देखाव्यांच्या परंपरेचं ओझं असतं. लहान घराला एखादा जुगार परवडतो.

४. कारे व्यवस्थापक होते की दिग्दर्शक? दोन्हीकडे दोन्ही वाचायला मिळतं.

दोन्ही होते, आणि त्यांचं वेगळेपण यातच आहे. नाट्यगृहाच्या प्रमुखाने करार करायचे, हिशोब बघायचे आणि मंत्रालयाच्या पायऱ्या झिजवायच्या. नटांना कुठे उभं करायचं हे रंगव्यवस्थापकाने ठरवायचं, अशी त्या वेळची सर्वसाधारण रीत होती. कारेंनी महत्त्वाच्या निर्मितींची मांडणी स्वतःकडे घेतली. कोण गाणार, नेपथ्यावर किती खर्च करायचा, दिवा कुठून टाकायचा, तालमी किती आठवडे चालणार, आणि रात्री गल्ल्यात काय जमलं, हे सगळे निर्णय एकाच डोक्यातून निघत. त्याचे फायदे नवव्या आणि दहाव्या प्रश्नात दिसतील, तोटे तेराव्या आणि चौदाव्यात.

५. ते संगीत शिकलेले होते का?

संगीतकार म्हणून नव्हे. त्यांची वाट गद्य रंगभूमीवरून आली. सुरुवात पॅरिसच्या व्होदव्हिल नाट्यगृहात नट म्हणून झाली. १८८४ मध्ये नान्सी शहराचं नाट्यगृह हाती आलं, आणि १८८५ पासून ते व्होदव्हिलच्याच चालकांपैकी एक झाले. त्यामुळे गायकाने गाताना हाताचं काय करायचं, दार कसं उघडायचं, दुसरा गात असताना कुठे बघायचं, या गोष्टी त्यांना नटाच्या नजरेतून दिसत.

संगीताची बाजू सांभाळायला आंद्रे मेसाजे होते. स्वतः चांगले संगीतकार आणि त्याहून चांगले वाद्यवृंद-संचालक. दोघांची ओळख जुनी होती. मेसाजेंच्या ‘ला बाझोश’ची संहिता कारेंनीच लिहिली होती आणि तो १८९० मध्ये ओपेरा-कोमिकमध्येच झाला. पुढे कारे प्रमुख झाल्यावर त्यांनी मेसाजेंना संगीताची सूत्रं दिली. मेसाजे नसते तर ‘पेलेआस’ची वही त्या कचेरीपर्यंत पोचली असती का, याची मला शंका आहे.

६. एवढी मोठी खुर्ची त्यांना मिळाली कशी?

त्याआधीची घटना माहीत हवी. २५ मे १८८७ च्या रात्री ‘मिन्यों’ या ऑपेराचा प्रयोग चालू असताना रंगमंचावरच्या गॅसच्या दिव्याने नेपथ्य पेटलं आणि दुसरी साल फावार जळून खाक झाली. अधिकृत आकड्यानुसार ८४ माणसं गेली. तेव्हाचे प्रमुख लेओं कार्व्हालो यांना निष्काळजीपणाबद्दल शिक्षा झाली, अपिलात ते सुटले आणि १८९१ मध्ये पुन्हा त्याच पदावर आले. दरम्यान संस्था शातले चौकातल्या भाड्याच्या नाट्यगृहात संसार मांडून होती.

१८९७ च्या डिसेंबरअखेर कार्व्हालो वारले. नवी इमारत जवळजवळ तयार होती आणि ती चालवायला माणूस हवा होता. जानेवारी १८९८ मध्ये कारेंची नेमणूक झाली. सुरुवातीचे महिने त्यांनी जुन्या जागेतच काढले. पुच्चिनीचा ‘ला बोहेम’ पॅरिसने पहिल्यांदा पाहिला तो जून १८९८ मध्ये, तिथेच. वास्तुशिल्पी लुई बेर्निए यांनी बांधलेल्या तिसऱ्या साल फावारचं उद्घाटन ७ डिसेंबर १८९८ रोजी राष्ट्राध्यक्ष फेलिक्स फोर यांच्या उपस्थितीत झालं. या इमारतीत वीज पहिल्या दिवसापासून होती. आगीच्या भीतीने आणलेली ती सोय कारेंच्या हातात आल्यावर रंगसाधन झाली (प्रश्न ८ पाहा).

७. पैसा कुठून यायचा? पगारी नोकरी होती का?

सरकारी नोकर आणि ठेकेदार यांच्या मधली जागा होती ती. इमारत सरकारची, अनुदान सरकारचं, पण तोटा झाला तर चालकाच्या आणि त्याच्या भागधारकांच्या अंगावर. मुदत ठरलेली, नूतनीकरण मंत्र्यांच्या हाती. सोबत अटींचं एक जाड बाड असे : फ्रेंच संगीतकारांची नवी कामं इतकी करायची, जुनी इतकी चालू ठेवायची, वगैरे.

मग नव्या ऑपेरांचा खर्च निघायचा कशातून? ‘कार्मेन’, ‘मानों’, ‘मिन्यों’ आणि पुच्चिनी यांच्यातून. १९०४ च्या डिसेंबरात ‘कार्मेन’चा या संस्थेतला हजारावा प्रयोग झाला. ही दुभती कामं आठवड्याचे बहुतेक वार भरून काढत, आणि उरलेल्या वारी देब्युसी किंवा द्युका. कारेंवर टीका करणारे म्हणत, हे महाशय परक्या पुच्चिनीला डोक्यावर घेतात. त्यांना हा हिशोब दिसत नव्हता, किंवा बघायचा नव्हता.

८. त्यांच्या मांडणीत असं नवीन काय होतं?

पहिली गोष्ट म्हणजे समूह. ऑपेरातला कोरस एरवी अर्धवर्तुळात उभा राहून संचालकाकडे बघत गायचा. कारेंनी त्यातल्या माणसांना कामं दिली : ही भाजी विकणारी, हा दारावर रेंगाळणारा, ही घाईत निघालेली. गर्दी एकजिनसी न राहता माणसांची झाली.

दुसरी गोष्ट प्रकाश. विजेमुळे उजेड हळूहळू कमी-जास्त करता येऊ लागला आणि एकाच दृश्यात दुपारची संध्याकाळ होऊ लागली. मे १८९९ मध्ये मासनेच्या ‘सांद्रियों’त, म्हणजे सिंड्रेलाच्या गोष्टीत, पऱ्यांचे प्रवेश त्यांनी या दिव्यांच्या जोरावर उभे केले.

तिसरी गोष्ट म्हणजे चित्रकार. ल्युसियाँ ज्युसोम हा त्यांचा हुकमाचा नेपथ्यकार. शिवाय नृत्याची बाजू मारिकिता या अनुभवी नृत्यदिग्दर्शिकेकडे सोपवून त्यांनी या घराच्या बॅलेला दर्जा आणला.

मात्र त्यांना आजच्या अर्थाने क्रांतिकारक म्हणू नये. रंगमंचावरचं झाड झाडासारखं दिसलं पाहिजे, यावर त्यांचा विश्वास होता. त्याच काळात आडोल्फ आप्पिया हा स्विस नेपथ्यकार नेपथ्यातून रंगवलेले पडदे हटवून नुसत्या पायऱ्या आणि प्रकाश ठेवायला सांगत होता. त्या वाटेला कारे गेले नाहीत. ते वास्तववादी परंपरेतले अव्वल कारागीर होते.

९. ‘लुईझ’चं एवढं कौतुक का? आज तर फारसा होत नाही.

२ फेब्रुवारी १९०० रोजी तो आला तेव्हा प्रेक्षकांना रंगमंचावर स्वतःचं शहर दिसलं. नायिका शिवणकाम करणारी कामगार मुलगी, बाप मजूर, प्रियकर पॅरिसच्या माँमार्त्र वस्तीतला कवी. कपडे त्या दिवशी रस्त्यावर दिसत होते तसेच. एका प्रवेशात पहाटेचं माँमार्त्र : चिंध्या गोळा करणारी, दूधवाली, झाडूवाला, फेरीवाल्यांच्या आरोळ्या, आणि शार्पांतिएने त्या आरोळ्यांचंच संगीत केलेलं. दुसऱ्यात शिवणाचा कारखाना, मुलींची कुजबुज आणि चालू शिवणयंत्राची घरघर. समूहातल्या माणसामाणसाला वेगळं करण्याची कारेंची सवय (प्रश्न ८) या ऑपेरासाठीच जन्मली असावी असं वाटतं.

शार्पांतिएने शिवणकाम करणाऱ्या खऱ्याखुऱ्या मुलींना प्रयोगाची तिकिटं मिळवून द्यायची खटपट केली, आणि त्यातूनच पुढे १९०२ मध्ये कामगार मुलींसाठी मोफत संगीत-नृत्यशाळा निघाली. गल्ल्याच्या दृष्टीने हे काम म्हणजे लॉटरी ठरलं. पुढची कितीतरी वर्षं ‘लुईझ’ने घर चालवलं.

आणि त्यातच १० एप्रिल १९०० ची रात्र. लुईझची भूमिका करणारी मार्थ रियोतों दोन अंकांनंतर आजारी पडली. प्रेक्षागृहात मेरी गार्डन नावाची एक स्कॉटिश-अमेरिकन मुलगी बसली होती. तिने भूमिका पाठ केली होती, पण व्यावसायिक रंगमंचावर कधी पाऊल ठेवलं नव्हतं. कारेंनी तिला तिसऱ्या अंकापासून उतरवलं. त्या अंकाचा पडदा उघडतो तो सगळ्या ऑपेरातल्या सर्वांत अवघड गाण्यावर, तिथे ‘आधी जरा सावरून घेते’ म्हणायला वाव नाही. तिने ते पेललं. दुसऱ्या दिवशी ती तारका होती.

१०. मेटरलिंकने काठी उगारल्याची गोष्ट खरी आहे का? ‘पेलेआस’चा वाद नेमका काय होता?

वाद पात्रयोजनेचा होता. देब्युसीचा ‘पेलेआस’ मेसाजे आणि कारे यांनी १८९८ मध्येच ऐकून तत्त्वतः पसंत केला होता. लेखी शब्द मिळाला १९०१ च्या मे महिन्यात. मूळ नाटककार मोरिस मेटरलिंक यांची समजूत होती की नायिका मेलिझांदची भूमिका त्यांची सहचरी, गायिका जॉर्जेट लेब्लां करणार. लेब्लां कारेंना अनोळखी नव्हती. नव्या इमारतीतल्या पहिल्या ‘कार्मेन’मध्ये तीच नायिका होती. पण कारेंना मेलिझांदसाठी मेरी गार्डन हवी होती, आणि तिचं गाणं ऐकल्यावर देब्युसीलाही.

नाव जाहीर झालं आणि मेटरलिंक खवळले. लेखकांच्या संघटनेकडे तक्रार गेली, पण देब्युसीकडे त्यांचंच १८९५ चं पत्र होतं, त्यात नाटकाचं हवं ते करायची मोकळीक दिलेली. काठी घेऊन देब्युसीच्या घरी जाण्याची गोष्ट लेब्लांने स्वतः सांगितली आहे. थोडं तिखटमीठ गृहीत धरून वाचावी. १४ एप्रिल १९०२ चं ‘फिगारो’ या वर्तमानपत्रातलं पत्र मात्र छापील आहे. मेटरलिंकने त्यात हा प्रयोग लवकर आणि दणकून आपटावा अशी जाहीर इच्छा व्यक्त केली.

तालमी १५ आठवडे चालल्या. २८ एप्रिलच्या रंगीत तालमीत निमंत्रितांनी हुर्यो उडवली. गार्डनच्या परक्या उच्चारांवर हसले, गोष्टीतल्या लहान मुलाच्या, इनिओल्डच्या, ‘बाबा, बाबा’वर हसले. कलाखात्याचे प्रमुख आंरी रुजों यांनी एक तुकडा काढायला लावला : मेलिझांदचा नवरा त्या लहान मुलाला खांद्यावर उचलून खिडकीतून बघायला लावतो आणि ‘ते दोघं पलंगाजवळ आहेत का’ असं विचारतो, तो. देब्युसीने तो गाळला. ३० एप्रिलला पहिला प्रयोग झाला, फारसा दंगा न होता. मेसाजेंनी पहिले तीन प्रयोग केले आणि ते ठरल्याप्रमाणे लंडनला गेले. वाद्यवृंदाची छडी समूहगायनाचे प्रमुख आंरी ब्युसेर यांच्या हाती आली.

इथे कारेंमधला चालक बघण्यासारखा आहे. दुसरा कुणी असता तर चार प्रयोगांत गाशा गुंडाळला असता. कारेंनी त्या हंगामात १४ प्रयोग केले, पुढच्या हंगामात काम पुन्हा लावलं, आणि १९१३ च्या जानेवारीत याच घरात ‘पेलेआस’चा शंभरावा प्रयोग झाला.

११. ‘पेलेआस’मधल्या प्रवेशांच्या मधलं संगीत नेपथ्य बदलायला वेळ हवा म्हणून लिहिलं गेलं, हे खरं?

हो. पाच अंक, पंधरा प्रवेश. जंगल, किल्ला, कारंजं, गुहा, तळघर, बुरूज. ज्युसोम आणि युजेन रोंसँ यांचं नेपथ्य भरभक्कम, आणि साल फावारच्या विंगा अरुंद. देब्युसीने लिहिलेले जोडतुकडे संपायचे, आणि पडद्यामागे माणसं अजून बुरूज ढकलतच असायची. तालमी चालू असताना देब्युसीला ते तुकडे वाढवून द्यावे लागले. तो कुरकुरत लिहायचा आणि मेसाजे रोज तगादा लावायचे.

पुरावा हवा असेल तर १९०२ साली छापलेली पियानोसह गायनाची प्रत बघा. तिच्यात हे वाढीव तुकडे नाहीत, कारण ते छपाईनंतरचे. आज समीक्षक याच भागांना कृतीचं काळीज म्हणतात.

१२. ‘मादाम बटरफ्लाय’शी कारेंचा संबंध कसा? तो तर इटालियन ऑपेरा.

आपण आज सहसा जो ‘बटरफ्लाय’ ऐकतो त्याच्यावर पॅरिसचा शिक्का आहे. १७ फेब्रुवारी १९०४ ला मिलानमध्ये तो साफ पडला, मे महिन्यात ब्रेशियात सुधारून उभा राहिला. २८ डिसेंबर १९०६ ला ओपेरा-कोमिकमध्ये फ्रेंचमध्ये झाला, तेव्हा पुच्चिनी तालमींसाठी पॅरिसला मुक्काम ठोकून होता. कारेंनी काटछाट सुचवली आणि पुच्चिनीने बरीचशी मान्य केली. जपानी बटरफ्लायला सोडून जाणारा अमेरिकन नवरा पिंकर्टन, त्याची जपानी माणसांबद्दलची तुच्छतेची वाक्यं कमी झाली. त्याची अमेरिकन बायको केट जवळजवळ मुकी झाली. बटरफ्लायकडे तिचं मूल मागण्याचा अप्रिय भाग केटकडून काढून अमेरिकन वाणिज्यदूत शार्पलेसकडे गेला.

१९०७ ची प्रचलित छापील आवृत्ती या पॅरिसच्या मांडणीच्या पावलावर आहे. बदल भल्यासाठी झाले का? केटला गप्प केल्याने शेवटचा अंक सुटसुटीत होतो, खरं. पण पिंकर्टनला सौम्य केल्याने ऑपेराचा डंख बोथट होतो. अलीकडे मिलानची मूळ आवृत्ती पुन्हा करून पाहतात, ती ऐकली की हे जाणवतं.

१३. त्या प्रयोगात बटरफ्लाय कारेंची बायकोच होती ना? मग हा वशिला नाही का?

होती. मार्गेरित कारे, माहेरची जिरो. १९०१ मध्ये ती ओपेरा-कोमिकमध्ये आली, १९०२ मध्ये त्यांचं लग्न झालं, आणि मग मुख्य भूमिका तिच्याकडे येत गेल्या : बटरफ्लाय, मानों, लुईझ, पुढे मेलिझांदही. गावात कुजबुज होणारच. ती उत्तम गायिका होती, नुसती ‘साहेबांची बायको’ नव्हती. पण मालक, दिग्दर्शक आणि नवरा एकच असला की दुसऱ्या गायिकेने दाद कुणाकडे मागायची? मेरी गार्डन १९०७ मध्ये न्यूयॉर्ककडे वळली, त्याला पैसा आणि नवं क्षितिज ही मोठी कारणं होती. तरी घरात जागा किती उरली होती, हा प्रश्न त्या काळी विचारला जायचा आणि तो गैर नव्हता.

कारे दांपत्याने १९२४ मध्ये घटस्फोट घेतला आणि १९२९ मध्ये परस्परांशीच पुन्हा लग्न केलं.

१४. त्यांनी नाकारलेल्या किंवा रखडवलेल्या कृती आहेत का?

राव्हेलचा ‘लर एस्पान्योल’ हे ठळक उदाहरण. घड्याळजीची बायको आपल्या प्रियकरांना मोठ्या घड्याळांत लपवून माडीवर पाठवते, असं त्याचं कथानक. कुटुंबवत्सल प्रेक्षकांचं हे घर, लग्नाळू मुलामुलींना दाखवायला आईबाप इथे आणत. कारेंना विषय फार चावट वाटला आणि तो लांबत गेला. एका मंत्र्याच्या पत्नीने, मादाम क्रुपी यांनी, राव्हेलची बाजू लावून धरली, तेव्हा कुठे १९ मे १९११ ला मासनेच्या ‘तेरेझ’बरोबर तो रंगमंचावर आला. राव्हेलने तो मादाम क्रुपींना अर्पण केला आहे.

हेच कारे १९१० मध्ये एर्नेस्ट ब्लॉख या फारशा कुणाला माहीत नसलेल्या तरुणाचा ‘मॅकबेथ’ करतात. म्हणजे अनोळखी संगीताला ते बिचकत नसत. चावट गोष्टीला मात्र बिचकत.

१५. लेब्लांला पुढे त्यांनी कायमचं बाहेर ठेवलं का?

उलट. १० मे १९०७ ला द्युकाचा ‘आरियान ए बार्ब-ब्ल्य’ आला. शब्द मेटरलिंकचे, आणि आरियानच्या भूमिकेत जॉर्जेट लेब्लां. दहाव्या प्रश्नातलं भांडण त्या घरापुरतं तरी मिटलं.

१६. मग १९१३ मध्ये सोडून का गेले?

कोमेदी-फ्रान्सेझचे प्रशासक झाले, म्हणून. गद्य नाटकाचं ते सर्वोच्च पद. जुल क्लारती यांनी ते अनेक वर्षं भूषवलं होतं, त्यांच्यानंतर कारे आले. वेळ वाईट निघाली. काही महिन्यांत महायुद्ध सुरू झालं आणि १९१५ अखेर तिथे एमिल फाब्र आले. या पर्वाबद्दल सांगण्यासारखं फार नाही.

१७. दुसऱ्या खेपेला सोबत जादूगार होते म्हणतात, ते कोण?

एमिल आणि व्हँसाँ इझोला हे बंधू. अल्जीरियात जन्मलेले, तरुणपणी हातचलाखीचे प्रयोग करून नाव कमावलेले, मग पॅरिसमधली एकामागून एक नाट्यगृहं चालवणारे. कारेंनी पद सोडल्यावर गेझी नावाच्या तिसऱ्या चालकासह ओपेरा-कोमिक त्यांच्याकडे आलं होतं. १९१८ मध्ये कारे परतले ते त्यांच्या जोडीने. १९२५ पर्यंत हे तिघं होते. फ्रँक घसरला होता, अभिरुची बदलली होती आणि देब्युसी १९१८ मध्येच गेला होता. कारकीर्द नीट चालली, पण १९०२ सारखं धाडस दुसऱ्यांदा झालं नाही.

१८. ‘फाउस्ट’ची संहिता लिहिणारे कारे हेच का?

ते मिशेल कारे, आल्बेर यांचे काका. जुल बार्बिए यांच्या जोडीने त्यांनी गूनोच्या ‘फाउस्ट’ची आणि तोमाच्या ‘मिन्यों’ची संहिता लिहिली. ज्या ‘मिन्यों’च्या प्रयोगात घर जळालं (प्रश्न ६), तो हाच. याच नावाचा आणखी एक मिशेल कारे मूकपटांच्या काळात दिग्दर्शक होता, तो आल्बेर यांचा चुलतभाऊ. यादीत नुसतं ‘कारे’ दिसलं तर साल बघून घ्या.

१९. चितोडच्या पद्मिनीवरचा फ्रेंच ऑपेरा यांनीच केला ना? भारताशी काही धागा?

आल्बेर रूसेलचा ‘पद्मावती’ तुम्हाला म्हणायचा असावा. संगीतकाराचं पहिलं नाव आल्बेर, म्हणून घोळ होतो. तो १ जून १९२३ ला झाला तो ऑपेरात, म्हणजे पाले गार्निएत. तिथले प्रमुख जाक रूशे होते. कारेंचा त्याच्याशी संबंध नाही. (२००८ मध्ये पॅरिसच्या शातले नाट्यगृहात हा ऑपेरा संजय लीला भन्साळी यांनी दिग्दर्शित केला, त्यामुळे आपल्याकडे नाव परिचित आहे.)

ओपेरा-कोमिकचा भारताशी धागा म्हणजे देलिबचा ‘लाकमे’ : ब्रिटिश अमलातला हिंदुस्थान, ब्राह्मण पुजाऱ्याची मुलगी, इंग्रज अधिकारी. फुलं तोडायला जाणाऱ्या दोघींचं त्यातलं गाणं जाहिरातींमुळे सगळ्यांच्या कानावर आहे. पण त्याचा पहिला प्रयोग १८८३ चा, कार्व्हालोंच्या काळातला. कारेंनी तो नेहमीच्या कामांत चालू ठेवला, एवढंच.

२०. त्यांचं काम आज बघायला-ऐकायला मिळतं का?

चित्रफीत नाही. पण ‘पेलेआस’ची त्यांची मांडणी पहिल्या प्रयोगानंतर अनेक दशकं याच घरात चालू राहिली, आणि कुणी कुठून यायचं, कुठे बसायचं, दिवा कधी मंद करायचा याच्या नोंदींच्या वह्या पॅरिसच्या संग्रहांत आहेत. अभ्यासक त्यावर काम करतात.

ऐकायचं असेल तर दोन गोष्टी सुचवतो. १९०४ मध्ये मेरी गार्डनने देब्युसीच्या साथीने ध्वनिमुद्रिका केल्या. त्यात मेलिझांदच्या केसांचं, बुरुजावरचं गाणं आहे. पियानोवर स्वतः देब्युसी. आवाज खरखरीत आहे, तरी कारेंनी भांडून निवडलेली मेलिझांद कशी होती याचा अंदाज येतो. दुसरी, रोजे देझोर्मिएर यांनी १९४१ मध्ये पॅरिसला केलेलं अख्ख्या ‘पेलेआस’चं मुद्रण, इरेन जोआकिम आणि जाक जान्सेन यांचं. एकेक शब्द बोलल्यासारखा स्पष्ट येतो. फ्रेंच येत नसेल तर संहिता समोर ठेवून आधी चौथ्या अंकाचा शेवटचा प्रवेश ऐका.

साल फावार आजही चालू आहे. आसनं साधारण १,२००. पॅरिसला जाणार असाल तर तिकीट आधी काढा, आणि रंगमंचाला खांब आडवा येत नाही ना, हे जागा निवडतानाच बघून घ्या. वरच्या मजल्यांवर स्वस्त जागा असतात, पण काहींवरून अर्धाच देखावा दिसतो.